चुना

शनिवारी दहा ते दोन संग्रहालय उघडं असतं.
म्हणजे मी असते, हीटर असतो,
आणि काचेखाली खापरपणजोबांची वही:
आमास पेनहॅलो, कॉर्नवॉलहून आलेला,
धंदा चुनाभट्टीचा.

पहिल्याच पानावर लिहिलंय, 'किनारा निर्जन.'
चार ओळी खाली, त्याच शाईत:
'शेजाऱ्यांकडून सहा सॅमन घेतले. दोन बटणं दिली.'
लहानपणी हे पान मला तोंडपाठ होतं.
मधल्या चार ओळी हवामानाच्या आहेत.

खाडीच्या तोंडाशी शिंपल्यांची टेकडी होती,
दोन पुरुष उंच.
गलबतातून आधी तीच दिसायची, उन्हात पांढरीफेक.
आमासला वाटलं, देवानं आयता माल रचून ठेवलाय.
कुणी खाल्ले हे शिंपले, किती हिवाळे बसून,
हे त्यानं विचारलं नाही.
सिअ‍ॅटलला पिंपाचा भाव काय, हे विचारलं.

मग भट्टी पेटली. सीडरची लाकडं,
तीन दिवस, तीन रात्री.
चर्चच्या भिंती, शाळेच्या, ही आत्ताची भिंतसुद्धा,
सगळ्या त्याच चुन्यात लिंपल्या.
आमासनं गावाला चुना लावला.
दोन्ही गावांना.

न जळालेला चुरा पहिल्या रस्त्यावर पसरला.
चांदणं असलं की कंदील लागत नाही,
असं टॅमसिननं कॉर्नवॉलला बहिणीला कळवलं,
आणि समासात, आडवं:
'चालताना पायाखाली कुणी कुरकुरतं.'

वहीत सत्तेचाळीसाव्या पानावर:
'हाडं लागली. मजूर थांबले.
दुपारनंतर काम सुरू.'

मार्चमध्ये लव्हिना सॅम आली.
रेनकोट निथळत होता, तिकिटाचे दोन डॉलर मोजून ठेवले,
मी नको म्हणायच्या आत.
भिंतीवरच्या नकाशापुढे बराच वेळ उभी राहिली.
तिथे लाल पिन आहे: 'इंडियन वस्ती, अंदाजे.'
माझ्या आजीनं टोचलेली,
नकाशा जिथे मोकळा होता तिथे.

'तिथे दलदल आहे,' लव्हिना म्हणाली.
'तिथे कोण राहील?'
मग बोट ठेवलं. बोटाखाली
आमचं पार्किंग, आमचं संडास,
आणि आम्ही दोघी.
'पाच लांब घरं. दारं पाण्याकडे.
शेवटचं माझ्या पणजीच्या आईचं.'

गावाचं नाव तिनं घशाच्या पार मागून काढलं.
मी कार्ड पुढे केलं, स्पेलिंग काय?
'आधी ऐक,' म्हणाली. तीनदा म्हणून दाखवलं.
तिसऱ्यांदा मी पेन खाली ठेवलं.

बाहेर पावसाळी भिंतीचा पोपडा सुटला होता.
तिनं नखानं उचकटलं,
आतून शिंपल्याचा तुकडा निघाला, कडेला रेघा तशाच शाबूत.
'हा नीट भाजलाच नाही,' ती म्हणाली,
परक्या स्वयंपाकघरातल्या बाईसारखी,
आणि हसली.
'घेऊ?' तिनं विचारलं.
मग स्वतःशीच: 'मी कुणाला विचारतेय!'
खिशात टाकला. मी दुसरीकडे पाहिलं नाही.

पुढच्या वेळी मावशीला आणते म्हणाली,
तिला पायऱ्या चढवत नाहीत.
'उघडं असतं ना?'
'दहा ते दोन,' मी सवयीनं म्हटलं.

ती गेल्यावर पिन उपटली. भोक राहिलं.
नव्या जागी टोचायला गेले.
कागदामागे तोच चुना, दीडशे वर्षं घट्ट झालेला.
पिन वाकली.
दुसरी घेतली. तीही.
डबीत अजून पुष्कळ आहेत.